बारा ओळींत न मावलेलं

संपादक म्हणाले, बारा ओळी. जास्त जागा नाही,
शेजारच्या रकान्यात डुकरांचे भाव आहेत.
दिल्या लिहून:
अल्फियस किट्रेज, वकील, वय एकाहत्तर,
टॅमरॅक फोर्ड, ओहायो.
विधानसभेवर सात वेळा.
पश्चात एक बहीण.

उरलेलं इथे लिहितो.

मी त्यांचा कारकून, छत्तीस वर्षं.
त्यांचं अक्षर मलाच लागायचं,
कधी कधी त्यांनाही लागत नसे.
शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात;
ते त्या पायरीवरच जेवायला बसत,
उकडलेलं अंडं, पुडीतलं मीठ,
अशील दिसला की टरफलं कोटाच्या खिशात.
फी म्हणून ओटची पोती यायची.
एकदा अर्धं डुक्कर आलं,
दुसरं अर्धं समोरच्या वकिलाकडे गेलं होतं.

शेहेचाळीसचा जानेवारी.
ड्रुसिला हेटचा नवरा नदीवरचा बर्फ फुटून बुडाला,
घोड्यासकट.
कर्ज तेवढं काठावर राहिलं.
दुकानदार स्टॉडर्ड आमचा अशील.
अकरा मिनिटांत आम्ही जिंकलो.

बेलिफने गाडी भरली:
माग, गाय, दोन गाद्या,
आणि लोखंडी चूल. ती पेटलेली होती.
निखारे त्याने अंगणात ओतले,
बर्फाला भोकं पडत गेली.
मी यादी करत होतो. चूल, नग एक.
आत मक्याची भाकरी निघाली, अर्धी कच्ची.
कोणत्या रकान्यात घालू, मी विचारलं.
ते म्हणाले, नको लिहूस.
थोड्या वेळाने म्हणाले, लिही.

त्या शरदात ते निवडणुकीला उभे राहिले.
गावाला वाटलं, कालवा आणतील.
त्यांनी नेलं एक चार ओळींचं विधेयक:
विधवेची चूल, माग, एक गाय
आणि अंथरूण-पांघरूण यांवर जप्ती येऊ नये.
पहिल्या वेळी सभागृह हसलं.
'स्वयंपाकघराचे सन्माननीय सदस्य' हे नाव तेव्हा पडलं,
ते जन्मभर टिकलं.
दुसऱ्या वेळी समितीच्या खणात मेलं.
तिसऱ्या वेळी एका मताने पडलं, आणि ते मत
आमच्याच देवळातल्या माणसाचं होतं.
भाषण त्यांना जमत नसे. आवाज चिरका,
मागच्या बाकांपर्यंत फक्त खोकला पोचायचा.

चौथ्या वेळी रेल्वेची माणसं आली.
मी दाराबाहेर होतो, हातात शाईची बाटली.
रूळ सफरचंदांच्या बागांमधून जाणार होते,
त्यांच्या बहिणीच्या बागेतूनही.
आत बराच वेळ कोणी बोललं नाही.
मग खुर्ची सरकल्याचा आवाज आला.

कायदा झाला. दोन मतांनी.
बागा तुटल्या.
आजही गाडीची शिट्टी वाजली
की गावातली म्हातारी माणसं
त्यांच्या नावाने थुंकतात.
बहीण चार वर्षं बोलली नाही.
त्यांनी कोणालाच काही सांगितलं नाही,
आणि मला विचारायला कोण येणार?

एक पत्र होतं. ड्रुसिला हेट, आयोवा.
फोडलं न जाता परत आलं.
नक्कल माझ्या वहीत आहे, म्हणून ठाऊक.
दोनच वाक्यं:
'बाई, त्या दिवशी कायदा माझ्या बाजूने होता.
माझी तक्रार तीच आहे.'

हे चांगुलपण की टोचणी, मला सांगता येणार नाही.
दुकानदाराची फी त्यांनी घेतली होती,
परत केल्याची नोंद कुठे नाही.
मी शोधली. दोनदा.

आज सकाळी छापील अंक आला.
अकरा ओळी आहेत.
बहिणीची ओळ कापलेली.
डुकरांचे भाव वाढले होते.